पंचवीस धावांची आघाडी

१९४०-४१च्या मोसमात महाराष्ट्र आणि मुंबई यांच्यात पुण्यात रणजी सामना झाला. महाराष्ट्राने पहिल्या डावात ६७५ धावा केल्या. मुंबईने चिवटपणे पाठलाग करत ६५०पर्यंत मजल मारली आणि तिथे डाव आटोपला. दोन डावांच्या मिळून १३२५ धावा, आणि फैसला अवघ्या पंचवीस धावांवर. मुंबईच्या खंडू रांगणेकरांनी २०२ केल्या होत्या. महाराष्ट्राच्या डावाचा कणा होती २४६ची खेळी, आणि ती होती कप्तानाची. हे कप्तान एरवी टिळक रस्त्यावरच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृत शिकवत. वय अठ्ठेचाळीस. नाव दिनकर बळवंत देवधर. सगळ्या पुण्याच्या तोंडी ‘प्रोफेसर देवधर’.

त्याच हिवाळ्यात लंडनवर रात्रीमागून रात्र बॉम्ब पडत होते. इंग्लंडची काउंटी स्पर्धा १९३९मध्ये महायुद्ध सुरू होताच थांबली, ती पुन्हा उभी राहायला १९४६ उजाडलं. ऑस्ट्रेलियाची शेफील्ड शील्डही बंद पडली. त्यामुळे क्रिकेटचा इतिहास लिहिणारे ही वर्षं एका ओळीत उरकतात. आधी ब्रॅडमनचा १९३८चा इंग्लंड दौरा येतो, मग थेट १९४६. पण या रिकाम्या मानल्या गेलेल्या वर्षांत पुण्याच्या क्रिकेटने जे मिळवलं ते त्याआधी मिळवलं नव्हतं आणि त्यानंतरही मिळवलेलं नाही. १९३९-४० आणि १९४०-४१ असा सलग दोनदा रणजी करंडक महाराष्ट्राकडे आला. पुढे महाराष्ट्राने तीनदा अंतिम फेरी गाठली, करंडक मात्र आजतागायत तिसऱ्यांदा हाती आलेला नाही.

देवधरांचं नाव निघालं की बोलणं हटकून वयावर येतं. अठ्ठेचाळिसाव्या वर्षी द्विशतक, पन्नाशीनंतर एकाच सामन्यात दोन शतकं, एकशे एक वर्षांचं आयुष्य. कौतुक रास्तच आहे, पण त्या कौतुकात मूळ गोष्ट हरवते असं मला वाटतं. वय हा त्यांच्या कामगिरीतला सर्वांत वरवरचा भाग आहे. युद्धाच्या वर्षांत या माणसाने एक संघ बांधला, तो जिंकता ठेवला आणि स्वतः त्या संघाचा सर्वांत भरवशाचा फलंदाज राहिला. त्या धावांना ‘युद्धकाळातल्या’ म्हणून बाजूला ठेवायचं काही कारण नाही.

देवधरांचा जन्म १४ जानेवारी १८९२चा, पुण्याचा. १९११-१२च्या मोसमात ते हिंदू संघाकडून मुंबईच्या तिरंगी सामन्यांत उतरले. त्याच वर्षी पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली पहिला अखिल भारतीय संघ इंग्लंडला जाऊन आला होता. त्या दौऱ्यात पाळवणकर बाळूंनी ११४ गडी बाद केले होते. बाळू पुण्यातच घडले होते. पूना क्लबच्या मैदानाची निगा राखता राखता त्यांनी जे. जी. ग्रेगसारख्या साहेब फलंदाजाला तासन्‌तास चेंडू टाकले आणि त्यातून हिंदुस्थानातला सर्वांत मोठा डावखुरा फिरकी गोलंदाज तयार झाला. देवधर त्यांच्या नंतरच्या पिढीचे. १९११चा दौरा निघाला तेव्हा त्यांची कारकीर्द सुरूही झाली नव्हती.

यानंतरचा अखिल भारतीय संघ इंग्लंडला गेला तो १९३२ साली, आणि लॉर्ड्सवर भारताने पहिली कसोटी खेळली. तेव्हा देवधर चाळिशीत होते. त्यांची निवड झाली नाही. या दोन दौऱ्यांच्या मधली एकवीस वर्षं म्हणजे फलंदाजाचं सगळं ऐन तारुण्य. त्या काळात त्यांना परदेशी संघाविरुद्ध मोठी परीक्षा द्यायची संधी आली ती १९२६ साली, आर्थर गिलिगनचा एम.सी.सी. संघ आला तेव्हा. मॉरिस टेट, जॉर्ज गिअरी, एवर्ट ॲस्टिल असे गोलंदाज त्या संघात होते. मुंबईत हिंदू संघाकडून सी. के. नायडूंनी त्यांच्याविरुद्ध १५३ धावा ठोकल्या, ती खेळी घराघरांत ठाऊक आहे. त्याच दौऱ्यात, अखिल भारतीय संघाकडून, देवधरांनी १४८ केल्या. भारत कसोटी खेळायच्या लायकीचा आहे हे गिलिगनला पटलं ते या दोन खेळ्या मिळून. नायडू पुढे भारताचे पहिले कसोटी कप्तान झाले. देवधरांना कसोटी टोपी कधीच मिळाली नाही. १९३२च्या निवडीत देवधरांवर अन्याय झाला असं मी मानतो. चाळिशीतला माणूस थकलेला असणार, हा निवडणाऱ्यांचा हिशेब होता. पुढच्या बारा वर्षांनी तो खोटा पाडला.

आपल्याकडे युद्धातही क्रिकेट चालू राहिलं याचं कारण समजून घ्यायला ऑस्ट्रेलियाकडे पाहणं उपयोगी पडेल. मेलबर्नमध्ये लोकांचा जीव क्रिकेटइतकाच, किंबहुना जास्त, त्यांच्या स्वतःच्या फुटबॉलवर. मोठं लंबगोल मैदान, एका बाजूला अठरा खेळाडू, हातानेही चेंडू पुढे सरकवायची मुभा. युद्धात त्या फुटबॉलची स्पर्धा बंद पडली नाही, पण खेळाडू एकेक करून सैन्यात गेले. जीलाँग क्लबाला १९४२ आणि १९४३ या दोन मोसमांत संघ उतरवताच आला नाही. मेलबर्न क्लबाच्या १९४०च्या विजेत्या संघातला रॉन बरासी पुढच्याच जुलैत टोब्रुकला मारला गेला. त्याचा त्याच नावाचा मुलगा पुढे त्याच क्लबाचा मोठा खेळाडू आणि प्रशिक्षक झाला. सेंट किल्डाकडून हाच फुटबॉल खेळणारा कीथ मिलर लढाऊ वैमानिक झाला. तो परतला आणि जगातला एक श्रेष्ठ अष्टपैलू क्रिकेटपटू म्हणून नावाजला गेला. इंग्लंडचा हेडली व्हेरिटी परतला नाही. तो १९४३मध्ये इटलीत जखमी होऊन कैदेत वारला. तिकडच्या खेळाडूची युद्धकाळातली कारकीर्द म्हणजे बहुतेक वेळा मध्येच तुटलेली कारकीर्द.

हिंदुस्थानात सक्तीची सैन्यभरती नव्हती. लाखो जवान लढायला गेले, पण ते स्वेच्छेने भरती झालेले. कॉलेजातले, जिमखान्यातले क्रिकेटपटू बहुतांशी घरीच राहिले. रणजी करंडक युद्धाच्या एकाही वर्षी चुकला नाही. उलट इंग्लंडचे काही खेळाडू गणवेशात इकडे आले आणि आपल्या स्पर्धांत खेळून गेले. महूच्या छावणीत असलेल्या डेनिस कॉम्प्टनने होळकर संघाकडून १९४४-४५च्या अंतिम सामन्यात मुंबईविरुद्ध नाबाद २४९ केल्या. मुंबईच्या विजय मर्चंटांनी त्याच सामन्यात २७८ केल्यामुळे करंडक मुंबईला गेला, ही गोष्ट वेगळी.

धर्मावर बेतलेल्या मुंबईच्या पंचरंगी सामन्यांचं मात्र तसं झालं नाही. १९४०च्या ऑक्टोबरात विनोबांनी वैयक्तिक सत्याग्रह सुरू केला आणि पुढारी तुरुंगात जाऊ लागले. डिसेंबरात गांधीजींनी या सामन्यांविषयी जाहीर नापसंती व्यक्त केली आणि हिंदू संघ त्या वर्षी उतरला नाही. १९४२-४३मध्ये ती स्पर्धा झालीच नाही. रणजी सामने प्रांतांचे आणि संस्थानांचे. त्यात महाराष्ट्राच्या संघात हिंदूंच्या बरोबरीने ख्रिस्ती विजय हजारे होते, पारशी नगरवाला होते. त्या वर्षांत देशातलं सगळ्यांचं असं क्रिकेट बघायचं तर ते रणजीतच होतं, आणि त्याचं केंद्र दोन वर्षं पुणे होतं.

संघाकडे जरा जवळून बघू. विजय हजारे सांगलीचे, तेव्हा पंचविशीच्या आतले. ऑस्ट्रेलियाचे क्लॅरी ग्रिमेट हिंदुस्थानात शिकवायला आले होते त्यांच्या नजरेखालून हजारे गेले होते, आणि त्यांनी या पोराच्या उभं राहण्याच्या पद्धतीत ढवळाढवळ केली नाही. १९३९-४०मध्ये पुण्यात बडोद्याविरुद्ध हजारेंनी नाबाद ३१६ केल्या. रणजी करंडकातलं हे पहिलं त्रिशतक. पण मला त्या डावात खरा रस आहे तो दुसऱ्या टोकाच्या माणसात. आठ गडी बाद झाल्यावर एन. डी. नगरवाला आले. ते मुळात गोलंदाज. त्यांनी आणि हजारेंनी नवव्या गड्यासाठी २४५ धावा जोडल्या. नवव्या गड्याच्या जोडीकडून संघाला पन्नास-साठ मिळाले तरी लोक खूश होतात. इथे गोलंदाज एका बाजूने दिवस काढतोय, समोरचा त्रिशतकाकडे सरकतोय, बडोद्याचे क्षेत्ररक्षक थकलेत आणि धावफलक हलतोच आहे. नगरवाला ९८वर बाद झाले, शतकाला दोन कमी. महाराष्ट्राच्या ९ बाद ६५० झाल्या होत्या. धावांच्या यादीत हजारेंचं त्रिशतक कायमचं कोरलं गेलं. ते घडवून देणारे ९८ फक्त जाणकारांच्या लक्षात राहिले.

शेपटाने असं लढणं नशिबाने होत नाही. खालच्या फळीतल्या गोलंदाजाला आपलीही बॅट मोलाची आहे असं वाटत असेल तरच तो असा उभा राहतो, आणि ही भावना संघात कप्तानाकडूनच येते. देवधर स्वतः प्राध्यापक. तरुण पोरांना वर्गात सांभाळायची सवय त्यांना मैदानात उपयोगी पडली असणार, असा माझा अंदाज आहे. त्या मोसमाच्या अंतिम सामन्यात, पुण्यातच, संयुक्त प्रांताला महाराष्ट्राने दहा गडी राखून हरवलं.

पुढचं वर्ष त्याहून मोठं. रंगा सोहोनी हा बावीस वर्षांचा अष्टपैलू खेळाडू फॉर्मात आला आणि त्याने पश्चिम हिंदुस्थान संघाविरुद्ध नाबाद २१८ केल्या. नवा चेंडूही तोच टाकायचा. चंदू सरवटे आपल्या फिरकीसह आले. मग मुंबईविरुद्धचा तो सामना.

त्या काळी सामना पूर्ण झाला नाही तर पहिल्या डावात आघाडी घेणारा संघ पुढे जात असे. आजही बाद फेरीत अनिर्णित सामन्याला हाच नियम लागतो. वरवर सोपा वाटणारा हा नियम कप्तानाची झोप उडवतो. नाणेफेक जिंकून फलंदाजी घ्या, जमेल तितका मोठा डोंगर उभारा, असं सगळेच म्हणतात. पण तो डोंगर उभारताना वेळ जातो, आणि तेवढाच वेळ समोरच्यालाही मिळतो. खेळपट्टी फलंदाजांची असेल तर ६७५ हा आकडाही सुरक्षित नसतो. मुंबई सहाशेच्या पुढे गेली तेव्हा महाराष्ट्राच्या हातात खऱ्या अर्थाने काहीच नव्हतं. एक चांगली भागीदारी आणि करंडक गेला असता. अशा वेळी गोलंदाज बदलायचे कसे, कोणाला दमवायचं, कोणाला शेवटच्या तीन गड्यांसाठी ताजं ठेवायचं, क्षेत्ररक्षण कुठे आवळायचं आणि कुठे धाव द्यायची, हे सगळं त्या अठ्ठेचाळीस वर्षांच्या माणसाला ठरवायचं होतं. तेही स्वतः २४६ धावांचा घाम गाळल्यानंतर, मुंबईच्या साडेसहाशे धावा होईपर्यंत उन्हात उभं राहून. ती पंचवीस धावांची आघाडी मला त्यांच्या द्विशतकापेक्षा मोठी वाटते. द्विशतक एका फलंदाजाचं असतं. आघाडी राखणं हे अकरा जणांना ताब्यात ठेवण्याचं काम आहे, आणि ते ज्याने केलं त्याला धावफलकावर त्याचं श्रेय मिळत नाही.

युद्धकाळातल्या धावा स्वस्त होत्या, हा आक्षेप जुना आहे. आकडे बघितले तर त्यात तथ्य दिसतं. त्या वर्षांत पुण्यामुंबईच्या खेळपट्ट्यांवर गोलंदाजांना फार काही मिळत नव्हतं. पण खेळपट्टी दोन्ही बाजूंना तीच असते. ज्या मैदानावर दोन्ही संघ साडेसहाशे करतात तिथे जिंकण्यासाठी कुणाला तरी चिकाटीने एक गडी जास्त बाद करावा लागतो, किंवा आणखी एक तास जास्त खेळावं लागतं. ते महाराष्ट्राने केलं. आणि १९४६नंतर या पिढीने जगासमोर जे दाखवलं ते पाहता, स्वस्त धावांवर वाढलेले फलंदाज म्हणून त्यांची बोळवण करता येत नाही.

मुंबईचा अडसर दूर झाल्यावर उत्तर हिंदुस्थान संघाविरुद्ध पुण्यात महाराष्ट्राने ७९८ धावा केल्या. रणजीतला तोपर्यंतचा तो उच्चांक होता. त्यात देवधरांच्या १९६. एकोणपन्नासाव्या वर्षी, एकाच मोसमात २४६ आणि १९६. हा उच्चांक पुढे होळकर संघाने १९४५-४६मध्ये ८ बाद ९१२ करून मोडला, आणि त्यात एक शतक होतं चंदू सरवटेंचं. ते तोवर इंदूरला गेले होते. १९४०-४१च्या अंतिम सामन्यासाठी महाराष्ट्र मद्रासला गेला आणि सहा गडी राखून जिंकून परतला.

हे सगळं चालू असताना पुणे कसं होतं, हे ध्यानात ठेवायला हवं. दक्षिण कमांडचं मुख्यालय इथे. खडकीच्या दारूगोळा कारखान्यात रात्रंदिवस काम. लष्कर भागात गोरे सैनिक, पेठांत सत्याग्रहाची हवा. १९४२च्या ऑगस्टात तर शहर ढवळून निघालं. गांधीजींना आगाखान पॅलेसमध्ये आणून ठेवलं, तिथे १५ ऑगस्टला महादेवभाई देसाई गेले आणि १९४४च्या फेब्रुवारीत कस्तुरबा. १९४३च्या जानेवारीत लष्कर भागातल्या कॅपिटॉल चित्रपटगृहात बॉम्बस्फोट झाला. हे सगळं एकाच शहरात, आणि त्याच शहरात, पेठांपासून फार तर पाच-सहा किलोमीटरवर, माणसं पांढरे कपडे घालून दिवसचे दिवस क्रिकेट खेळत होती.

यात बेपर्वाई होती का, हा प्रश्न माझ्या मनात बराच काळ होता. वाचत गेल्यावर माझं मत पक्कं झालं की नव्हती. देवधरांच्या संघात कोणी महाराज नव्हता, पगारी दरबारी खेळाडूंची फौज नव्हती. कॉलेजं, पी.वाय.सी. आणि डेक्कन जिमखान्यासारख्या संस्था, जवळपासच्या गावांतून आलेली मध्यमवर्गीय पोरं, यांच्यावर तो संघ उभा होता. ज्या काळात सगळे निर्णय दिल्लीतून आणि लंडनमधून होत होते, त्या काळात या मंडळींनी आपली गोष्ट आपल्या हिमतीवर चालवून दाखवली. ब्रिटिशांचा खेळ म्हणून तो टाकून द्यावा, असं त्यांना वाटलं नाही. तो त्यांनी आपला करून घेतला होता.

देवधरांच्या घरातही ही वर्षं रिकामी गेली नाहीत. तारा, सुंदर आणि सुमन या त्यांच्या तिघी लेकी १९४०च्या दशकात बॅडमिंटनमधल्या राष्ट्रीय विजेतेपदांच्या मानकरी ठरल्या. वडिलांइतकंच, मला वाटतं थोडं जास्तच, हे धाडसाचं होतं. मुलींनी आखूड पोशाखात, पंचांच्या आणि प्रेक्षकांच्या समोर, कोर्टावर धावावं हे त्या काळातल्या पेठांना सहज पचणारं नव्हतं. एका संस्कृतच्या प्राध्यापकाने ते घडू दिलं, एवढंच नव्हे तर घडवलं. महाराष्ट्रातल्या महिला खेळाडूंचा इतिहास कोणी नीट लिहिला तर त्याची पहिली प्रकरणं या घरातून सुरू करावी लागतील.

संघ फार काळ एकत्र टिकला नाही. १९४१नंतर हजारे बडोद्याला गेले. संस्थानिकांकडे नोकरी, घर, मान हे सगळं होतं, आणि क्रिकेटपटूंना पोट होतं. महाराष्ट्राकडे द्यायला यातलं फारसं काही नव्हतं. मर्चंटांच्या मुंबईने मागचं उट्टं वारंवार काढलं. १९४३-४४मध्ये मुंबईने महाराष्ट्राविरुद्ध ७३५ केल्या, त्यात मर्चंट नाबाद ३५९, आणि रुसी मोदींबरोबर त्यांनी सहाव्या गड्यासाठी ३७१ धावा जोडल्या. त्या डावात सदाशिव शिंदे हा वीस वर्षांचा लेगस्पिनर पंच्याहत्तरहून अधिक षटकं टाकत राहिला आणि १८६ धावांत त्याने पाच गडी बाद केले. त्या कसोटीने तो खचला नाही. पुढे १९५१मध्ये दिल्लीत इंग्लंडविरुद्ध त्याने ९१ धावांत सहा बळी घेतले. पस्तिशीही न गाठता तो टायफॉइडने गेला, ही मराठी क्रिकेटची मोठी हानी.

देवधर मात्र खेळत होते. १९४४-४५च्या मोसमात नवानगरविरुद्ध त्यांनी दोन्ही डावांत शतकं केली, १०५ आणि १४१. वयाची पन्नाशी कधीच उलटून गेली होती. माझ्या माहितीत प्रथम श्रेणी क्रिकेटमध्ये अशा वयात असं करणारे फार थोडे. पण पुन्हा वयापाशी न थांबता तो सामना कशाचा होता हे पाहावं. तारे निघून गेल्यावर, संघ पुन्हा बांधायच्या काळात, समोरच्या तरुणांना आदर्श दाखवायचा होता. त्यांनी तो धावांनी दाखवला.

युद्ध संपलं आणि त्या संघाचं खरं मोल उघड झालं. १९४५च्या अखेरीस लिंडसे हॅसेटचा ऑस्ट्रेलियन सर्व्हिसेस संघ इथे आला, मिलर त्यात होता. १९४६मध्ये भारतीय संघ इंग्लंडला गेला. ओव्हलला सरेविरुद्ध सरवटेंनी नाबाद १२४ आणि शुटे बॅनर्जींनी १२१ करत शेवटच्या गड्यासाठी २४९ धावा जोडल्या. दहावा आणि अकरावा फलंदाज दोघांनी शतकं करणं हे प्रथम श्रेणी क्रिकेटमध्ये फक्त तेवढं एकदा घडलं आहे. शेपटाने असं लढायची शिकवण सरवटेंना कुठे मिळाली, ते नगरवालांच्या ९८ आठवल्या की सुचतं. सोहोनी आणि शिंदे याच दौऱ्यावर होते. मग १९४८च्या जानेवारीत ॲडलेडला ब्रॅडमनच्या संघाविरुद्ध, लिंडवॉल आणि मिलरच्या माऱ्यासमोर, हजारेंनी दोन्ही डावांत शतक केलं, ११६ आणि १४५. स्वस्त खेळपट्ट्यांवर वाढलेला म्हणून ज्याला नावं ठेवली असती, तोच फलंदाज जगातल्या सर्वांत भेदक माऱ्यासमोर असा उभा राहिला.

पुण्याच्या खेळपट्टीवरचा धावांचा पूर त्यानंतरही ओसरला नाही. १९४८च्या डिसेंबरात पूना क्लबवर भाऊसाहेब निंबाळकरांनी काठियावाडविरुद्ध नाबाद ४४३ केल्या. ब्रॅडमनचा ४५२चा विश्वविक्रम नऊ धावांवर आला असताना काठियावाडचे कप्तान, राजकोटचे ठाकूरसाहेब, सामना सोडून निघून गेले. निंबाळकरांनाही कसोटी मिळाली नाही. पुढच्या मार्चमध्ये पुण्यातच महाराष्ट्र आणि मुंबई यांनी एका सामन्यात मिळून २३७६ धावा केल्या, प्रथम श्रेणीतल्या एका सामन्यात आजही याहून जास्त धावा झालेल्या नाहीत.

पूना क्लबचं मैदान बंडगार्डन रस्त्याजवळ, झाडांच्या मागे आहे. संध्याकाळी तिथे आजही सराव चालतो. हिरवळ जिवापाड जपलेली, नेटमध्ये शाळकरी पोरं, पालक गाडीजवळ उभे. मी त्या पालकांपैकी काहींशी बोललो. देवधर करंडक त्यांना माहीत होता, १९७३-७४पासूनची विभागांमधली एकदिवसीय स्पर्धा. ती मध्ये बंद पडली, २०२३मध्ये पुन्हा खेळवली गेली, हेही काहींना माहीत होतं. १९४०-४१चा मोसम कोणालाच ठाऊक नव्हता, आणि त्यात त्यांचा काही दोष नाही. तो त्यांना कोणी सांगितलाच नाही. शाळेच्या क्रीडा-इतिहासात आपण कसोटी सामने शिकवतो. करंडक जिंकून देणारे रणजी सामने शिकवत नाही.

खेळणं थांबवल्यावरही देवधर क्रिकेटपासून दूर गेले नाहीत. राष्ट्रीय निवड समितीत बसले, क्रिकेट मंडळाचे उपाध्यक्ष झाले, महाराष्ट्र क्रिकेट संघटनेचं अध्यक्षपद सांभाळलं, क्रिकेटवर लिहिलं. १९६५मध्ये पद्मश्री आणि १९९१मध्ये पद्मभूषण मिळालं. २४ ऑगस्ट १९९३ला पुण्यात ते गेले. त्याच वर्षी मे महिन्यात सोहोनीही ठाण्यात वारले होते. कप्तान आपल्या धाकट्या सहकाऱ्याच्या मागे तीन महिने जगला.

त्यांची कारकीर्द कागदावर अशी दिसते: ८१ प्रथम श्रेणी सामने, ४५२२ धावा, सरासरी ३९.३२, नऊ शतकं. परदेशी वाचक हे आकडे पाहून म्हणेल, बरे आहेत. पण हे ८१ सामने पस्तीसहून अधिक मोसमांत विभागलेले आहेत. वर्षाला जेमतेम दोन. इंग्लंडचा काउंटी खेळाडू एका उन्हाळ्यात तीसहून अधिक सामने खेळत असे. तीन वर्षांत तो तेवढे सामने खेळून मोकळा होई. वर्षातून दोनदा हाती येणारी संधी, मध्ये महिनोन्‌महिने फक्त सराव, आणि मग थेट मुंबईविरुद्ध पहिल्या डावाची आघाडी. अशा खेळाडूने त्यातली सर्वांत मोठी कामगिरी पन्नाशीच्या आसपास केली, आणि तीही आपल्या प्रांताला दोनदा अजिंक्यपद देत, हे मला आजच्या कुठल्याही सरासरीपेक्षा भारी वाटतं.

माझी मागणी साधी आहे. १९३९-४० आणि १९४०-४१ या दोन मोसमांचे सगळे धावफलक मराठीत छापून ते गहुंज्याच्या स्टेडियममध्ये आणि पुण्याच्या प्रत्येक क्रिकेट मैदानाच्या पॅव्हिलियनमध्ये लावावेत. बडोद्याविरुद्धचा ९ बाद ६५०, मुंबईविरुद्धचा ६७५ आणि ६५०, उत्तर हिंदुस्थानविरुद्धचा ७९८, संयुक्त प्रांत आणि मद्रासविरुद्धचे अंतिम सामने, सगळे. त्यात नगरवालांचे ९८ असतील, सोहोनींचे नाबाद २१८ असतील, देवधरांचे २४६ आणि १९६ असतील. नेटमधल्या पोरांनी ते वाचावेत, आणि त्यांच्या प्रशिक्षकांनी त्यांना ते समजावून सांगावेत.